बांधावरचं भांडण ठाण्यात गेलं, आता धारवाडला जायचं का?

पत्र

वकीलताई, सप्रेम नमस्कार.

मी बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातला शेतकरी, वय ५१. आजोबांची ३ एकर ४ गुंठे जमीन. आजोबा १९८८ ला वारले. पुढच्या वर्षी उताऱ्याला माझे वडील आणि चुलते अशी दोघांची नावं लागली. १९९६ साली दोघांनी गावातल्या चार माणसांसमोर तोंडी वाटणी करून मध्ये बांध घातला. तेव्हापासून आम्ही आमच्या बाजूला भात, रताळी करतो, ते त्यांच्या बाजूला. उतारा मात्र सामायिकच राहिला. वडील २०१५ ला गेले. २०२३ च्या मे महिन्यात मुलीच्या लग्नाला आणि पीकेपीएसचं (गावच्या कृषी पतसंस्थेचं) कर्ज फेडायला आमच्या बाजूची ३० गुंठे बेळगावच्या एका माणसाला रजिस्टर खरेदीनं दिली. सह्या माझी, आईची, आणि संमती म्हणून बायकोची.

त्याच डिसेंबरात चुलतभावानं बेळगाव कोर्टात वाटणीचा दावा घातला. तूर्त मनाई मागितली होती, ती कोर्टानं दिली नाही. आता दोन वर्षांनी त्यानं कोर्टात खासगी फिर्याद देऊन पोलिसांकडून एफआयआर करवला. त्यात आम्ही तिघं आणि खरेदीदार. कलमं ४२०, ४६८, ४७१ (फसवणूक आणि बनावट कागद), शिवाय शेतात घुसल्याचं आणि धमकीचं. चार वेळा ठाण्यात बोलावून दिवसभर बसवलं. 'खरेदी मोडतो म्हणून लिहून दे, नाहीतर आत बस' असं सांगतात. आई ७४ वर्षांची आहे, तिला जेवण जाईना झालंय.

एकजण सांगतो, असल्या केसी धारवाडला हायकोर्टात रद्द होतात आणि जमिनीचा निकालही तिथंच लागतो. दुसरा सांगतो, बायकोकडून चुलतभावावर विनयभंगाची तक्रार द्या, म्हणजे तो आपोआप खाली येईल. मला काही सुचेना झालंय.

एक सांगायचं राहिलं. खरेदीच्या वेळी वंशावळीचं ॲफिडेव्हिट दिलं, त्यात आत्तीचं नाव नाही. ती चंदगडकडं दिलेली. बाँड रायटर म्हणाला, ती महाराष्ट्रात, तिला कशाला सह्यांना आणता. त्यानं काही होतं का?

— एक शेतकरी

उत्तर

भाऊ, नमस्कार.

तुमच्या पत्रातलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य तुम्ही शेवटी, 'सांगायचं राहिलं' म्हणून लिहिलंत. त्याच्याकडे मी येणार आहे आणि तिथे जरा जास्त वेळ थांबणार आहे. पण आधी आईंचं बघू.

ठाण्यात कुठल्याही कागदावर सही करू नका. खरेदी मोडण्याचा, जमीन परत देण्याचा, 'आपसात मिटलं' असं लिहिण्याचा कुठलाही कागद तिथे बसून करायचा नाही. जमीन कुणाची आणि ताबा कुणाचा हे ठरवण्याचा अधिकार पोलिसांना नाही. रजिस्टर खरेदी रद्द करणं दिवाणी कोर्टाचं काम आहे. तुमच्या खरेदीदाराच्या पाठीमागे तुम्ही एकट्याने ती मोडूही शकत नाही, त्यामुळे असा कागद लिहून दिलात तर उद्या तोच तुमच्यावर उलटेल. पोलिसांनी चौकशीत घेतलेल्या जबाबावरही तुमची सही लागत नाही, कायद्यानेच तसं ठरवलंय.

बोलावणं लेखी मागा. ज्या गुन्ह्यांना सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे, त्यांत सरसकट अटक करायची नाही, आधी हजर राहण्याची नोटीस द्यायची, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या अर्नेश कुमार निकालात बजावलं आहे. तुमच्या एफआयआरमधलं ४२० आणि ४६८ दोन्ही सात वर्षांपर्यंतचीच कलमं आहेत. ही नोटीस आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ खाली येते. ती व्हॉट्सॲपवर पाठवून भागत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये सांगितलंय. नोटीस आली की मात्र त्या दिवशी, त्या वेळेला जा, वकिलाला बरोबर घेऊन. टाळलंत तर तेच अटकेचं कारण होतं. वहिनींना किंवा आईंना नुसती माहिती विचारायला साक्षीदार म्हणून बोलवत असतील, तर बाईमाणसाला आणि साठीपुढच्या माणसाला घर सोडून ठाण्यात यायला भाग पाडता येत नाही. पोलिसांनी घरी यायचं असतं.

याच आठवड्यात बेळगावच्या सत्र न्यायालयात चौघांचा अटकपूर्व जामीन अर्ज दाखल करा. धारवाड त्यानंतर. लोक नेमकं उलटं करतात. हायकोर्टात अर्ज पडला की तपास थांबला, असं धरून चालतात. तसं होत नाही. नीहारिका इन्फ्रास्ट्रक्चर खटल्यात २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने हायकोर्टांना सांगितलं की, अर्ज आला म्हणून उठसूट 'कारवाई करू नका' असा सरसकट आदेश देऊ नका. म्हणजे धारवाडचा अर्ज प्रलंबित असतानाही तुम्हाला अटक होऊ शकते. अटकपूर्व जामीन हातात असला की आईंना रात्रीची झोप येईल. जामीनदाराकडे त्याच्या नावावरचा चालू उतारा तयार ठेवा.

इथे आकड्यांचा एक घोळ होतो. पूर्वी हायकोर्टात गुन्हा रद्द करायचा अर्ज फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४८२ खाली व्हायचा, म्हणून आजही लोक 'फोर एटी टू टाकली' म्हणतात. १ जुलै २०२४ पासून नवीन संहितेत तो अधिकार कलम ५२८ मध्ये गेला आणि ४८२ हा आकडा अटकपूर्व जामिनाला मिळाला. वकिलांशी बोलताना आकडा सांगू नका, काय हवंय ते सांगा. तुमच्या एफआयआरमध्ये जुनी आणि नवी कलमं मिसळलेली दिसतात, त्याचंही कारण हेच. मे २०२३ च्या खरेदीला जुनी दंडसंहिताच लागणार, आणि यंदा शेतात घुसल्याचा आरोप असेल तर त्याला नवी न्याय संहिता. त्यात चूक काही नाही.

आता तुमचा मूळ प्रश्न. रद्द होतं का?

होतं, बऱ्याच वेळा होतं. पण 'जमिनीचा वाद आहे' एवढ्यावर होत नाही, हे आधी मनात पक्कं करा. एकाच व्यवहारातून दिवाणी दावाही उभा राहतो आणि फौजदारी गुन्हाही. दावा चालू आहे म्हणून गुन्हा आपोआप पडत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९९ सालापासून वारंवार सांगितलंय. त्याच न्यायालयाने २००६ च्या इंडियन ऑइल विरुद्ध एनईपीसी या निकालात दुसरी बाजूही सांगितली: दिवाणी वादाला फौजदारीचा रंग देऊन समोरच्याला दाबायची जी सवय वाढतेय, तिला थारा देऊ नये. दोन्ही बाजू एकाच निकालात आहेत. तुमचं प्रकरण कुठल्या बाजूला पडतं, ते फिर्यादीत काय लिहिलंय त्यावर ठरतं.

हायकोर्ट काय बघतं तेही समजून घ्या. भजनलाल खटल्याच्या १९९० च्या निकालात (वकील त्याला १९९२ चा म्हणतात, कारण अहवालात तो त्या साली छापून आला) सात तऱ्हा सांगितल्या आहेत. त्यातली पहिली तुमच्या कामाची. फिर्यादीतलं अक्षर न् अक्षर खरं धरलं, तरी गुन्हा बनत नाही, अशी स्थिती हवी. म्हणजे धारवाडला तुमची बाजू ऐकून खरं-खोटं ठरवत नाहीत. '१९९६ ला वाटणी झाली होती, चार माणसं साक्षीला आहेत' हे तिथे सांगून उपयोग नाही, ते बेळगावच्या दाव्यात सांगायचं. धारवाडला चुलतभावाचाच कागद वाचला जातो.

म्हणून तो कागद नीट वाचा. एफआयआर कन्नडमध्ये असेल. आपल्याकडे किती जण नुसते कलमांचे आकडे बघून घाबरतात आणि आत काय लिहिलंय ते महिनोन् महिने वाचून घेत नाहीत. एफआयआरची प्रत मिळणं हा तुमचा हक्क आहे. २०१६ पासून तो पोलिसांच्या संकेतस्थळावर टाकायचाही नियम आहे, काही नाजूक गुन्हे सोडून. फिर्यादीची नक्कल कोर्टातून काढा. चांगलं कन्नड येणाऱ्याकडून ओळ न् ओळ मराठीत लिहून घ्या. यापुढे कुठेही सही करायची वेळ आली तर मराठीत करा आणि 'मराठीत वाचून दाखवलं' किंवा 'वाचून दाखवलेलं नाही', जे खरं असेल ते सहीच्या वर आपल्या हाताने लिहा.

मग त्या मराठी कागदाशेजारी चुलतभावाच्या दाव्याची अर्जी ठेवा. दाव्यात त्याने 'जमीन एकत्र कुटुंबाची, निम्मा हिस्सा माझा' असं लिहिलेलं असणार, नाहीतर वाटणी मागताच आली नसती. फिर्यादीत तो काय म्हणतो? 'माझ्या मालकीची जमीन खोटे कागद करून विकली' असं असेल तर दोन्ही एकाच वेळी खरं असू शकत नाही. फिर्यादीत दाव्याचा आणि नाकारलेल्या मनाईचा उल्लेख तरी आहे का? चालू दावा लपवून गुन्हा नोंदवायला लावणं कोर्टांना आवडत नाही. मनाई मिळाली नाही म्हणून फौजदारी केली, हे तारखांवरून आपोआप दिसतं. आणखी एक तपासा. कोर्टाकडून पोलिसांना तपासाला सांगायचं असेल तर फिर्याद देणाऱ्याने आधी ठाण्यात, मग पोलीस अधीक्षकांकडे तक्रार दिलेली हवी, आणि फिर्यादीला त्याचं प्रतिज्ञापत्र जोडलेलं हवं. २०१५ च्या प्रियांका श्रीवास्तव निकालात हे सांगितलं गेलं, नव्या संहितेच्या कलम १७५ मध्येही ते आहे. यातलं काही राहिलं असेल तर तो मुद्दा पहिल्या पानावर घ्यायचा.

आता कलमं. फसवणूक म्हणजे काय? कुणाला तरी खोटं सांगून त्याच्याकडून त्याची वस्तू, पैसा काढून घेणं, आणि हा हेतू पहिल्या दिवसापासून असणं. तुम्ही चुलतभावाला काही सांगितलं का? त्याने तुमच्या सांगण्यावर काही दिलं का? पैसे दिले खरेदीदाराने, आणि तो तर तुमच्याबरोबर आरोपीच्या रांगेत आहे. बनावट कागदाचंही तसंच. खोटी सही, दुसऱ्याच्या नावाने केलेला कागद, नंतर केलेली खाडाखोड, असलं काही असेल तर तो बनावट. तुम्ही स्वतःच्या नावाने, स्वतःच्या सहीने खरेदी दिली. मालकी कमी असेल, हिस्सा चुकला असेल, पण कागद बनावट होत नाही.

हे माझं मत नाही. बिहारमधल्या मोहम्मद इब्राहिम खटल्यात २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने नेमकं हे ठरवलं आहे. तिथेही एकाने जमीन आपली म्हणून विकली, आणि 'जमीन माझी होती' म्हणणाऱ्या तिसऱ्या माणसाने विकणारा, घेणारा, साक्षीदार, कागद लिहिणारा, स्टॅम्प विकणारा अशा सगळ्यांवर फिर्याद केली होती. न्यायालय म्हणालं, फसवलं गेलंच असेल तर घेणारा फसला. तिऱ्हाइताला दिवाणी हक्क असतील, पण या खरेदीने त्याची फसवणूक झाली असं म्हणता येत नाही, आणि स्वतःच्या नावाने केलेली खरेदी हा बनावट दस्त नव्हे. फसवणुकीची आणि बनावटीची कलमं गेली. मारहाणीसारखी किरकोळ कलमं मात्र राहिली. हे शेवटचं विसरू नका. तुमच्याही एफआयआरमध्ये बांधावरच्या धमकीचा प्रसंग तारखेसह लिहिला असेल, तर ४२० गेलं तरी तेवढा भाग बेळगावच्या कोर्टात चालू राहू शकतो.

शेतात घुसल्याच्या कलमाला दुसऱ्याच्या ताब्यातली जमीन लागते. १९९६ पासून तुम्ही कसत असलेल्या तुकड्यात तुम्हीच घुसलात म्हणणं अवघड आहे. खरेदीआधी तुकड्याचा ११-ई नकाशा (मोजणीचा नकाशा) झाला असणार, तो काढा आणि पंचनाम्यावर कुणाकुणाच्या सह्या आहेत ते बघा. चुलतभावाची निघाली तर तो कागद सोन्यासारखा.

सामायिक जमिनीतला हिस्सा विकला, हाच मुळी गुन्हा असं कुणी सांगत असेल तर तेही खरं नाही. सहहिस्सेदाराला आपला हिस्सा विकता येतो. बेळगाव १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होतं, आणि मुंबई प्रांतात चालत आलेल्या हिंदू कायद्याप्रमाणे एकत्र कुटुंबातला माणूस स्वतःचा अविभक्त हिस्सा इतरांच्या संमतीशिवायही मोबदला घेऊन विकू शकतो. घेणाऱ्याला मात्र त्यामुळे ठराविक तुकडा मिळत नाही. विकणाऱ्याच्या हिश्शाला वाटणीत जे येईल ते त्याचं. तुमच्या खरेदीदाराची खरी अडचण ही आहे, आणि ती दिवाणी आहे.

इथपर्यंत वाचून तुम्हाला बरं वाटलं असेल. आता आत्यांकडे येऊ.

तुमच्या प्रकरणात बांध आहे, खरेदी आहे, भाऊबंदकी आहे, हे सगळं दिवाणीत बसतं. वंशावळीचं प्रतिज्ञापत्र बसत नाही. तिथे तुम्ही शपथेवर एक यादी दिलीत आणि एक जिवंत माणूस त्यातून गाळलंत. बाँड रायटरने सांगितलं हे खरं असेल, पण खाली सही तुमची आहे. बाँड रायटर उद्या कोर्टात 'मी असं म्हणालोच नाही' एवढंच म्हणेल. स्वतःच्या नावाने दिलेलं खोटं प्रतिज्ञापत्र म्हणजे बनावट दस्त नव्हे, हा मुद्दा तुमचे वकील मांडतील आणि तो बरोबर आहे. पण खोटं शपथपत्र हा वेगळा गुन्हा आहे, आणि नोंदणी अधिकाऱ्यापुढे जाणूनबुजून खोटं निवेदन करण्याला नोंदणी कायद्याच्या कलम ८२ मध्ये सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. चुलतभावाच्या फिर्यादीत वंशावळीचा मुद्दा असेल, तर धारवाडचे न्यायमूर्ती 'याचा तपास होऊ दे' म्हणण्याची शक्यता खरी आहे. तुम्हाला 'नक्की रद्द होईल' असं सांगणारा वकील भेटला आणि त्याने वंशावळीबद्दल विचारलंच नाही, तर दुसऱ्याकडे जा.

आत्यांचा हक्क किती? आजोबा १९८८ ला गेले, तेव्हाच्या कायद्यानेही मुलीला बापाच्या हिश्शात वाटा होताच. पुढे कर्नाटकाने १९९४ साली आणि केंद्राने २००५ साली वडिलोपार्जितात मुलीला मुलाच्या बरोबरीने धरलं. विनीता शर्मा खटल्यात ११ ऑगस्ट २०२० ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की २००५ साली बाप हयात असण्याची अट नाही. त्याच निकालात तुम्हाला टोचेल असं एक वाक्य आहे. तोंडी वाटणी झाली होती, एवढं सांगून मुलीचा हक्क बुडवता येणार नाही. सरकारी कागदांतून ती वाटणी दिसत असेल, अशा अपवादालाच ती मानायची. तुमची १९९६ ची वाटणी तोंडी आहे आणि उतारा सामायिक. म्हणून पीकेपीएसची तुमच्या एकट्याच्या नावावरची कर्जं, पीक पाहणीच्या रकान्यातल्या वेगवेगळ्या नोंदी, पट्टी भरल्याच्या पावत्या, जे असेल ते जमवा. त्यातूनही ताबाच दिसतो, मालकी नव्हे, हे धरून चाला. उताऱ्यावर नाव लागणं म्हणजे मालकी नव्हे.

आजोबांकडे ही जमीन कशी आली तेही शोधा. विकत घेतलेली, वाडवडिलांची, की कुळकायद्यात ट्रिब्युनलकडून मिळालेली? प्रत्येकाचं वाटणीचं गणित थोडं वेगळं. १९५६ च्या आधीच्या नोंदी मराठीत, काही मोडीत असतात. बेळगावच्या रेकॉर्ड रूममधून नक्कल काढा आणि मोडी वाचणाऱ्याकडून लिप्यंतर करून घ्या. आपल्या भागात आजोबांचा कागद एका लिपीत, बापाचा दुसऱ्या भाषेत आणि नातवाचा संगणकावरचा उतारा तिसऱ्याच रूपात असतो. त्या तिन्हींची साखळी जुळवायला कुणी बसत नाही, आणि मग चुलतभाऊ सांगेल तोच इतिहास होतो.

आणि हे फक्त तुमचं पाप नाही, हेही म्हणते. १९८९ च्या नोंदीत तुमचे वडील आणि चुलते, दोघांचीच नावं लागली. आत्यांना तेव्हाच दोघा भावांनी मिळून गाळलं. आज चुलतभाऊ फसवणुकीची फिर्याद करतोय, पण दाव्यात त्याने निम्मा हिस्सा मागितला असेल तर त्यानेही आत्यांना धरलेलं नाही. त्याच्या दाव्यात आत्या पक्षकार आहेत का बघा. नसतील तर तो दावा अपुरा आहे, वाटणीत सगळे हिस्सेदार समोर लागतात. हा मुद्दा तुमच्या कैफियतीत तुम्हीच उचला. त्याने तुमचा हिस्सा थोडा कमी होईल. पण शपथेवर लपवलेलं नाव तुम्ही स्वतः कोर्टापुढे आणलंत, ही गोष्ट तुमच्या हेतूबद्दल जे सांगेल ते कुठल्याही वकिलाच्या भाषणाने सांगता येणार नाही. कोणत्या शब्दांत लिहायचं ते मात्र वकिलाला विचारून. फौजदारी चालू असताना आपल्या मनाने कबुलीजबाब लिहून देऊ नका.

खरेदीदारालाही आत्यांबद्दल आजच सांगा. तो आत्ता तुमच्या बाजूला आहे. उद्या चुलतभावाच्या वकिलाकडून त्याला हे कळलं आणि तो म्हणाला की 'मला फसवलं', तर फसवणुकीच्या कलमाला लागणारा माणूस तुम्हीच पुरवलात असं होईल. दावा चालू असताना ती ३० गुंठे त्याने पुढे विकली तर घेणाऱ्यावरही दाव्याचा निकाल बांधील राहतो, हेही त्याच्या कानावर घाला.

विनयभंगाच्या तक्रारीबद्दल. तसं काही घडलंय का? तुमच्या पत्रात तरी नाही. मग नाही. खोटा गुन्हा दाखल करणं हा स्वतंत्र गुन्हा आहे, न्याय संहितेच्या कलम २४८ खाली. तुम्ही धारवाडला कशाच्या जोरावर जाणार? सूडाने केलेली फिर्याद आहे, या मुद्द्यावर. त्याच आठवड्यात तुमच्या घरातून सूडाची फिर्याद गेली तर तुमचा अर्ज कोण मनावर घेईल? आणि वहिनींना उलटतपासणीत उभं राहायला लागेल, तुम्हाला नाही. ज्या बायकांवर खरंच प्रसंग येतो त्यांच्या तक्रारीकडे ठाण्यात संशयाने बघितलं जातं, ते अशाच तक्रारींमुळे. हा सल्ला देणाऱ्याला घरी बोलावू नका.

आणि 'जमिनीचा निकालही धारवाडलाच लागतो' हे साफ चूक. तुमचा जिल्हा धारवाडच्या खंडपीठाखाली येतो, २००८ ला ते फिरतं म्हणून सुरू झालं आणि २०१३ पासून कायमचं आहे, त्यामुळे बंगळूरला जावं लागत नाही, एवढं सोपं झालं. पण तिथे गुन्हा रद्द झाला तरी जमीन तुमची ठरत नाही, आणि रद्द झाला नाही तरी चुलतभावाची ठरत नाही. हिस्से बेळगावच्या दाव्यातच ठरणार. फौजदारीत जिंकून गावात पेढे वाटले आणि दाव्याच्या तारखा चुकवल्या, असं करणारी माणसं मी बघितली आहेत. एकतर्फी हुकूमनामा झाल्यावर ती परत आली.

धारवाडला नाहीच जमलं, तरी पुढे वाटा उरतात. पोलिसांना तपासात काही मिळालं नाही तर ते बी रिपोर्ट, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल, देतात. दोषारोपपत्र आलंच तर खालच्या कोर्टात मुक्ततेचा अर्ज करता येतो, नव्या संहितेत त्याला कागदपत्रं मिळाल्यापासून ६० दिवसांची मुदत आहे, ती चुकवू नका. दोषारोपपत्र आल्यावरही हायकोर्टाचा दरवाजा बंद होत नाही. सगळ्यांचं खरंच जमलं, आत्यांसकट, तर दाव्यात तडजोड नोंदवून त्या आधारावर गुन्हा रद्द करून घेता येतो. ग्यानसिंग खटल्यात २०१२ साली ही वाट मोकळी झाली आहे. ठाण्यातल्या कागदाची तडजोड आणि कोर्टातल्या लोकअदालतीतली तडजोड यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

वकिलाच्या खर्चाची चिंता असेल तर आई आणि वहिनींना, बाई म्हणून, उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. बेळगावच्या कोर्टाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, १५१०० वर फोनही करता येतो.

अटकपूर्व जामीन झाला की धारवाडच्या गाडीत बसण्याआधी एकदा चंदगडला जाऊन या. बरोबर आईंना घ्या, त्यांच्या नणंदेशी त्या जे बोलतील ते तुम्हाला बोलता येणार नाही. २०२३ ची वंशावळ आणि १९८९ ची नोंद, दोन्हीच्या नकला आत्यांच्या हातात द्या, काय झालं ते सांगा, वाटा किती होतो तेही सांगा. त्यांना हवा तर त्यांनी स्वतःचा वकील बघावा. आणि त्या दिवशी तिथे कुठल्याही कागदावर त्यांची सही घेऊ नका.